घरोघरचे धुरंधर

जुन्या वस्तू आणि कलेचा ठेवा देशाबाहेर जाऊ नये म्हणून संसदेने १९७२ साली एक कायदा केला. या कायद्याच्या आधारे सरकारने नऊ आधुनिक चित्रकारांच्या कृती राष्ट्राचा कलाठेवा म्हणून जाहीर केल्या. या नऊ जणांचे चित्र देशाबाहेर कायमचे विकता येत नाही. ती नऊ नावे अशी : रवींद्रनाथ ठाकूर, अवनींद्रनाथ ठाकूर, गगनेंद्रनाथ ठाकूर, नंदलाल बोस, जामिनी रॉय, शैलोज मुखर्जी, अमृता शेरगिल, राजा रविवर्मा आणि निकोलाय रोरिक. नऊपैकी सहा बंगाली. एक रशियात जन्मलेला. मराठी एकही नाही.

ही यादी वाचली की मला दर वेळी एका माणसाची आठवण होते. रावबहादूर महादेव विश्वनाथ धुरंधर. ज्या कलाशाळेला ते कलामंदिर म्हणत, तिथे त्यांनी विद्यार्थी म्हणून, शिक्षक म्हणून आणि शेवटी प्रमुख म्हणून एकेचाळीस वर्षे काढली. त्यांची चित्रे छापील रूपाने हजारो घरांत गेली. त्यांच्या हाताखालून चित्रकारांच्या दोन पिढ्या गेल्या. तरीही देशाने जपायच्या कलाठेव्यात त्यांचे नाव नाही. असे का व्हावे? धुरंधर सामान्य चित्रकार होते म्हणून, असे सोपे उत्तर देता येईल. पण ज्यांनी त्यांची रेखाटने पाहिली आहेत त्यांना ते पटणार नाही. खरे उत्तर मुंबई आणि कलकत्ता यांच्या जुन्या चढाओढीत आहे, आणि ती चढाओढ कुंचल्याइतकीच मासिके, विद्यापीठे आणि संग्रहालये यांच्या बळावर लढली गेली.

कोल्हापूरचा मुलगा

धुरंधरांचा जन्म १८ मार्च १८६७ रोजी कोल्हापुरात, एका पाठारे प्रभू कुटुंबात झाला. शिक्षण राजाराम हायस्कुलात. कोल्हापूर तेव्हा कलेच्या बाबतीत अगदीच आडगाव नव्हते. आबालाल रहिमान हा तिथलाच विलक्षण चित्रकार मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकून गेला होता. रविवर्म्याच्या देवदेवतांचे नाव सगळीकडे होऊ लागले होते. अशा वातावरणात वाढलेला हा मुलगा १८९० च्या जानेवारीत जे. जे. मध्ये दाखल झाला.

जे. जे. स्कूल आणि मुंबई विद्यापीठ ही दोन्ही १८५७ सालची अपत्ये. एकाच शहरात, एकाच वर्षी जन्मलेली. पण विद्यापीठात कायदा, वैद्यक, इतिहास शिकवला जाई, आणि कलाशाळेत हाताचे काम. चित्रकला ही विद्येची नव्हे तर कसबाची गोष्ट, असा सरकारचा समज होता. या दोन जुळ्या संस्थांची ताटातूट धुरंधरांच्या सगळ्या कारकिर्दीला पुरली, आणि पुढच्या कथेत तिचे महत्त्व फार आहे.

धुरंधर आले तेव्हा जॉन ग्रिफिथ्स प्राचार्य होते. याच ग्रिफिथ्सनी १८७२ पासून तेरा वर्षे आपले विद्यार्थी अजिंठ्याला नेऊन तिथल्या भित्तिचित्रांच्या नकला करवून घेतल्या होत्या. अंधाऱ्या लेण्यांत, वटवाघळांच्या सोबतीने मुंबईच्या पोरांनी हे काम केले. त्यातल्या बऱ्याच नकला लंडनला गेल्या आणि १८८५ च्या आगीत जळून गेल्या. हे मुद्दाम सांगतो, कारण पुढे अजिंठ्याचा वारसा कुणाचा, या वादात मुंबईचा हा अध्याय जवळपास विसरला गेला. १९०९ नंतर लेडी हेरिंगहॅम यांच्यासोबत नंदलाल बोस, असितकुमार हलदार ही कलकत्त्याची मंडळी अजिंठ्याला येऊन गेली आणि अजिंठा जणू बंगालनेच शोधला असे लिहिले-बोलले जाऊ लागले.

विद्यार्थी धुरंधरांची प्रगती झपाट्याची होती. १८९५ साली, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, बॉम्बे आर्ट सोसायटीच्या प्रदर्शनात त्यांना सुवर्णपदक मिळाले. ही संस्था १८८८ ची, मुख्यतः गोऱ्या हौशी चित्रकारांची. तिथे एका देशी विद्यार्थ्याने वरचे पदक न्यावे ही त्या काळी मोठी बातमी होती. दुसऱ्याच वर्षी ते जे. जे. त शिक्षक झाले. १८९७ मध्ये मुंबईतल्या प्लेगने त्यांची पहिली पत्नी नेली. पुढे त्यांनी दुसरा संसार मांडला. दुःख पोटात घालून रोज वर्गात उभे राहणारा, वेळेवर येणारा, शिस्तीचा माणूस म्हणूनच ते शेवटपर्यंत ओळखले गेले.

मुंबईचे मंदिर, कलकत्त्याचे मंदिर

गंमत अशी की सुरुवातीला या दोन शहरांत वैर नव्हते. १८९६ च्या सुमारास गणपतराव म्हात्रे या जे. जे. च्या तरुण विद्यार्थ्याने मंदिरपथगामिनी हे शिल्प केले. नऊवारी नेसलेली, पूजेचे साहित्य घेऊन देवळाकडे निघालेली मराठी मुलगी. या शिल्पावर खुद्द रवींद्रनाथांनी कौतुकाने लिहिले. रविवर्म्याची चित्रेही बंगाली मासिकांतून मानाने छापली जात. युरोपीय तंत्र आणि देशी विषय यांचा मेळ घालणे हीच तेव्हा राष्ट्रीय कला मानली जात होती.

वारे फिरवले ते अर्नेस्ट हॅवेल या इंग्रजाने. १८९६ मध्ये तो कलकत्त्याच्या सरकारी कलाशाळेचा प्रमुख झाला. त्याने अभ्यासक्रमातला युरोपीय कित्ता बाजूला सारला. एवढेच करून तो थांबला नाही. कलाशाळेला जोडलेले एक चित्रसंग्रहालय होते. त्यातली युरोपीय चित्रे काढून टाकून त्याने मोगल आणि इतर देशी चित्रे घेतली. विद्यार्थी चिडले. काहींनी तर बाहेर पडून वेगळी कलाशाळा काढली. साहेब आपल्याला पुढारलेली विद्या शिकू देत नाही, असा त्यांचा संशय होता. पण हॅवेलला एक गोष्ट नेमकी कळली होती, जी मुंबईला फार उशिरा कळली : विद्यार्थ्याच्या डोळ्यांसमोर भिंतीवर जे टांगलेले असते, तेच पुढे त्याचे शास्त्र होते. शिक्षक बदलतात, संग्रह राहतो.

१९०५ ला बंगालची फाळणी झाली. त्याच वर्षी अवनींद्रनाथांनी भारतमाता रंगवली. स्वदेशीच्या लाटेत चित्रकलाही आली. १९०७ मध्ये कलकत्त्यात प्राच्य कलेला वाहिलेली इंडियन सोसायटी ऑफ ओरिएंटल आर्ट ही संस्था निघाली. रामानंद चटर्जी यांचे प्रवासी आणि मॉडर्न रिव्ह्यू, पुढे १९२० पासून ओ. सी. गांगुलींचे रूपम् अशी मासिके हाताशी होती. आनंद कुमारस्वामींसारखा पंडित पाठीशी होता. आता रविवर्मा परकीय ठरला, आणि त्याच्या वाटेने जाणारी सगळी मुंबई साहेबाची नक्कल करणारी ठरली. तैलरंगात, छायाप्रकाशात, हाडामांसाची माणसे रंगवणारा धुरंधरांसारखा चित्रकार एका रात्रीत कालबाह्य झाला. निदान कलकत्त्याच्या मासिकांत तरी.

घराघरांतली चित्रशाळा

धुरंधरांनी या वादात उतरून लेख लिहिले नाहीत. ते काम करत राहिले. आणि काम किती! ओटो रोथफेल्डच्या भारतीय स्त्रियांवरच्या पुस्तकासाठी प्रांतोप्रांतीच्या बायका, त्यांची लुगडी, दागिने, उभे राहण्याच्या लकबी. एस. एम. एडवर्ड्सच्या मुंबईवरच्या पुस्तकासाठी गल्लीबोळांतली माणसे. किंकेडने इंग्रजीत सांगितलेल्या आपल्या व्रतकथांसाठी चित्रे. रविवर्मा छापखान्यासाठी देवदेवता. पोस्टकार्डे, पोस्टरे. औंधचे पंतप्रतिनिधी भवानराव यांच्यासाठी शिवचरित्रातले प्रसंग. पाठारे प्रभूंच्या लग्नातले विधी. त्यांची जलरंगातली चित्रे आणि पेन्सिलीची रेखाटने पाहिली की कळते, हा माणूस रस्त्याने चालताना डोळे मिटत नसे. हेल घालणारा फेरीवाला, पाण्याच्या हंड्यामुळे किंचित कललेली कंबर, पगडीचा बाज, पदराचा झोक. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीची आणि विसाव्याच्या आरंभीची मुंबई कशी दिसत होती हे जाणून घ्यायचे तर त्यांच्याकडे जावेच लागते.

मी राहतो ते काल्हेर ठाण्याहून कशेळीची खाडी ओलांडली की लागते. आज त्याची ओळख गोदामांचे गाव अशी आहे. आग्रा रोडच्या दोन्ही अंगांना पत्र्याची छपरे, त्यांच्यामागे नवे टॉवर, आणि त्यांच्या फटीत उरलेली जुनी आगरी घरे. या घरांत मी चित्रकला शिक्षक म्हणून मुलांच्या निमित्ताने पुष्कळ हिंडलो. माजघरात, देव्हाऱ्याच्या वर, काच तडकलेल्या लाकडी चौकटीत लक्ष्मी, सरस्वती, रामपंचायतन असे. ओलीने कडा पिवळ्या पडलेल्या. चित्र रविवर्म्याचे की त्याच्या वळणाच्या दुसऱ्या कुणाचे, हे घरच्यांना ठाऊक नसे. विचारले तर म्हाताऱ्या माणसांना एवढेच आठवे की चित्र आजेसासूच्या वेळचे आहे. सही असलीच तर चौकटीखाली गेलेली. ज्या कोळ्या-आगऱ्यांच्या घरांत कलेचे मासिक कधी आले नाही, तिथे मुंबईच्या वळणाचे चित्र तीन-तीन पिढ्या नांदले. ही मोठीच गोष्ट आहे. पण तिचाच दुसरा अर्थ असा की जे सगळ्यांचे असते त्याचा सांभाळ कुणाकडेच नसतो. घर पाडून इमारत उभी राहते तेव्हा ती चौकट पहिल्यांदा बाहेर जाते.

आमच्या गोदामांत देशभरचा माल येतो आणि पावती दाखवली की जागेवर सापडतो. खोक्यावर क्रमांक असतो, रजिस्टरात नोंद असते. आपल्या चित्रकारांच्या नशिबी एवढेही आले नाही.

दिल्लीच्या भिंती

१९१९ मध्ये कॅप्टन ग्लॅडस्टन सॉलोमन जे. जे. चे प्रमुख म्हणून आले आणि मुंबईला प्रथमच एक लढवय्या सेनापती मिळाला. गव्हर्नर लॉर्ड लॉइड यांच्या पाठबळाने त्यांनी भित्तिचित्रांचा वर्ग काढला. एकीकडे जिवंत मॉडेलवरून अभ्यास, दुसरीकडे भारतीय पद्धतीची सजावट, असा दुहेरी मार्ग धरला. १९२४ च्या वेम्बली प्रदर्शनात मुंबईच्या विद्यार्थ्यांनी सजवलेली खोली गेली. त्याच वर्षी सॉलोमन यांनी भारतीय कलेच्या मुंबईतील पुनरुज्जीवनावर पुस्तकच लिहिले. पुनरुज्जीवन हा तोवर कलकत्त्याचा राखीव शब्द. तो मुंबईने उचलला याचा तिकडे राग आला. इकडे कन्हैयालाल वकील यांच्यासारखे समीक्षक मुंबईची बाजू वर्तमानपत्रांतून हिरिरीने मांडत होते.

नवी दिल्ली बांधून होत होती. तिच्या भिंती कुणी रंगवायच्या? सचिवालयातले मोठे काम मुंबईच्या वाट्याला आले. धुरंधरांकडे विधी सदस्यांच्या दालनाची चित्रे आली. न्यायदानाचे प्रसंग त्यांनी रंगवले, तेव्हा त्यांचे वय साठीच्या घरात होते. १९२७ मध्ये रावबहादूर ही पदवी मिळाली. १९३० मध्ये काही काळ ते जे. जे. चे संचालक झाले. त्या खुर्चीवर बसलेले ते पहिले भारतीय. पुढल्या वर्षी निवृत्त झाले.

पण याच सुमारास लंडनच्या इंडिया हाउसच्या भिंतींसाठी चार चित्रकार निवडले गेले, ते चौघेही बंगालच्या परंपरेतले. मुंबईत नाराजी उमटली. दिल्ली तुम्हाला, लंडन आम्हाला, अशी ही वाटणी. आज मागे वळून पाहताना वाटते, दोन्ही बाजूंचा न्यायाधीश सरकार हेच होते, आणि दोघेही त्याच्याच दारात उभे होते.

खरा निकाल मात्र दुसरीकडे लागत होता. १९२१ मध्ये कलकत्ता विद्यापीठाने अवनींद्रनाथांना कलेच्या बागेश्वरी अध्यासनावर बोलावले. त्याच साली शांतिनिकेतनात विश्वभारती उभी राहिली, आणि कलाभवन तिचे अंग झाले. १९३७ मध्ये कलकत्ता विद्यापीठाने आशुतोष संग्रहालय स्थापन केले. भारतातल्या कोणत्याही विद्यापीठातले ते पहिले सार्वजनिक संग्रहालय. म्हणजे बंगालमध्ये चित्र, त्याच्यावर व्याख्यान देणारा प्राध्यापक, ते छापणारे मासिक आणि ते ठेवणारी वास्तू ही सगळी एका साखळीत आली. मुंबईत विद्यापीठ फोर्टात आणि कलाशाळा धोबी तलावाच्या पलीकडे. मधले अंतर चालत पंधरा-वीस मिनिटांचे, पण ते ओलांडायला आपल्याला शतकाहून अधिक काळ लागला.

१९३६ च्या डिसेंबरात काँग्रेसचे पहिले ग्रामीण अधिवेशन आपल्या खानदेशात, फैजपूरला भरले. मंडप सजवायला गांधीजींनी शांतिनिकेतनहून नंदलाल बोस यांना बोलावले. नंदलालांनी बांबू आणि गावातल्याच वस्तूंनी ते काम अपूर्व केले यात शंका नाही. पण महाराष्ट्राच्या मातीतल्या अधिवेशनासाठी महाराष्ट्रातला चित्रकार आठवू नये, याचा अर्थ लढाई संपली होती. राष्ट्राने आपला चित्रकार निवडला होता.

दोष कुणाचा?

इथे धुरंधरांची वकिली करण्याच्या भरात बंगालवर अन्याय करू नये. बंगालच्या आक्षेपांत तथ्य होते. धुरंधरांच्या पौराणिक चित्रांतल्या पुष्कळ नायिका नाटकातल्या पात्रांसारख्या उभ्या आहेत. भाव गोड आहेत, पण पुढे जात नाहीत. ते सरकारी नोकर होते, आणि देश पेटलेला असताना त्यांच्या चित्रांत त्याची धग फारशी दिसत नाही. बंगालच्या चित्रकारांनी एक मोठा प्रश्न विचारला : आपण गुलाम असताना आपला डोळा स्वतंत्र कसा राहील? हा प्रश्न मुंबईच्या कलाशाळेने स्वतःला कधी तितक्या कळकळीने विचारला नाही.

पण मुंबईनेही एक प्रश्न विचारला होता, तो आपण ऐकलाच नाही. समोर दिसणारा माणूस जसा आहे तसा काढता आला पाहिजे की नाही? मासळीवाली, हमाल, विधवा, नवरी यांना देवतांइतकाच वेळ द्यावा की नाही? या वास्तवाच्या हट्टातूनच आपल्याकडे पुढे बरेच काही आले. दादासाहेब फाळके जे. जे. चे विद्यार्थी आणि रविवर्मा छापखान्यात काम केलेले. राजा हरिश्चंद्रातले देव आणि राजे कुठून आले हे वेगळे सांगायला नको. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर त्याच मातीतले. ज्या परंपरेने देशाला सिनेमाचा डोळा दिला तिला नक्कल म्हणून निकालात काढणे हे इतिहासाला धरून नाही.

१ जून १९४४ रोजी धुरंधर गेले. त्याआधी १९४० मध्ये त्यांनी कलामंदिरातील एकेचाळीस वर्षे हे आत्मकथन प्रसिद्ध केले होते. मराठीत चित्रकाराने लिहिलेले असे पुस्तक दुर्मीळच. तीन वर्षांनी, १९४७ मध्ये, सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे, बाकरे यांचा प्रोग्रेसिव्ह गट मुंबईत निघाला. त्यांना बंगालही नको होता आणि जे. जे. ची जुनी शिस्तही. १९५० मध्ये बडोद्याच्या विद्यापीठात ललित कला विद्याशाखा सुरू झाली आणि तिथे चित्रकला शिकवायला नारायण श्रीधर बेंद्रे गेले. बनारसला राय कृष्णदास यांचे भारत कला भवन त्याच वर्षी हिंदू विद्यापीठात सामील झाले. कलकत्ता, शांतिनिकेतन, बनारस, बडोदे. विद्यापीठाच्या आवारात चित्रे आली ती अशी. या मांदियाळीत मुंबई नव्हती.

धुरंधरांचा ठेवा राखला तो त्यांच्या कन्येने. अंबिका धुरंधर या १९३१ साली जे. जे. ची पदविका मिळवणाऱ्या, स्वतः उत्तम चित्रकार. खारच्या घरात त्यांनी वडिलांची चित्रे, रेखाटने, कागदपत्रे आयुष्यभर सांभाळली. २००९ मध्ये त्या गेल्या. जे काम एखाद्या विद्यापीठाने करायचे ते एका मुलीने एकटीने केले. २०१८ मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात धुरंधरांचे मोठे प्रदर्शन झाले, तेव्हा अनेकांना पहिल्यांदा कळले की हा माणूस केवळ कॅलेंडरचा नव्हता.

२०२३ मध्ये जे. जे. ला अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला. १८५७ ची ती ताटातूट अशा रीतीने संपली, आणि एक जुनी जबाबदारी नव्या नावाने समोर आली. त्या आवारात दीडशे वर्षांची विद्यार्थ्यांची आणि गुरूंची कामे आहेत. म्हात्र्यांचे शिल्प आहे. प्राचार्यांच्या जुन्या बंगल्यात, ज्याला लोक किपलिंग बंगला म्हणतात, संग्रहालय करण्याचे बोलणे कित्येक वर्षे झाले. त्याच साली दिल्लीच्या सचिवालयाच्या दोन्ही इमारतींत राष्ट्रीय संग्रहालय उभारण्याचीही घोषणा झाली. ज्या भिंती मुंबईने रंगवल्या त्याच आता संग्रहालयाच्या भिंती होणार असतील, तर त्यांच्यावरची नावे पुसट होऊ न देणे हे मुंबईच्या विद्यापीठाचे काम आहे.

बंगालशी भांडण उकरून काढण्यात आता अर्थ नाही. त्यांनी आपले जपले, याचा राग कसला? त्यांच्याकडून घ्यायचे ते एवढेच : चित्र नुसते चांगले असून भागत नाही. त्याला छप्पर लागते, यादी लागते, ते समजावून सांगणारा माणूस लागतो, आणि दर रविवारी आईवडिलांचे बोट धरून येणारी मुले लागतात. एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटच्या परीक्षांना बसणारी आमच्या भिवंडी तालुक्यातली पोरे चांगली रेघ काढतात. ती रेघ त्यांच्यापर्यंत कुठल्या वाटेने आली, हे दाखवणारी एक भिंत त्यांना मिळायला हवी. धुरंधर एकेचाळीस वर्षे ज्या मंदिरात राबले, तिथेच ती असावी.